थलायवी बघून बायोपिक लिहायला बसलात? मग आधी मतं मोजा

प्रश्न थोडक्यात सांगतो, म्हणजे मधूनच वाचणाऱ्यांनापण लिंक लागेल. वाळवा तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलंय, त्यांनी जयललितांवरचा थलायवी आणि इंदिरा गांधींवरचा इमर्जन्सी दोन्ही बघितले, त्यांची आत्या २०१२ ते २०१७ गावची सरपंच होती, महिला राखीव जागेवर, अकरा सदस्यांची बॉडी, मधेच तिच्यावर अविश्वास ठराव आला आणि तो पडला. आता आत्यावर सिनेमा लिहायचाय. पहिला ड्राफ्ट झालाय पण वाचणारे सगळे म्हणतात छान आहे, खरं वाटत नाही. तर हिंदी बायोपिक बाईचा सत्तेपर्यंतचा प्रवास खरा दाखवतात का, नसतील तर गडबड कुठं होते, आणि आपल्या ड्राफ्टमधे तेच झालंय का.

मी सांगलीचा. राज्य नाट्य स्पर्धेतनं सुरुवात, मग वाईला हिंदी शूटिंगं यायची तिथं असिस्टंट म्हणून बरीच वर्षं काढली, आता मुख्यतः दुसऱ्यांच्या स्क्रिप्टसाठी रिसर्च करून देणं आणि अडलेला ड्राफ्ट सोडवणं हेच काम. त्यामुळं उत्तर लिहिणाऱ्याच्या बाजूनं देतोय. सिनेमा चांगला की वाईट, किती स्टार, ते तुमचं तुम्ही ठरवा.

सरळ उत्तर असं की आपले बायोपिक बाईला सत्ता का हवी होती हे फार मन लावून दाखवतात, पण ती मिळाली कशी हे सांगायची वेळ आली की गाणं लावतात. तुमच्या ड्राफ्टमधे पण हेच झालंय, आणि थलायवीवरनं ते नीट दाखवता येतं म्हणून आधी तिकडंच जाऊ.

तसा हा सिनेमा आपल्यातल्या बहुतेकांनी थिएटरला बघितलेलाच नाही. १० सप्टेंबर २०२१ ला रिलीज झाला तेव्हा महाराष्ट्रात थिएटरांना कुलूप होतं, ती उघडली २२ ऑक्टोबरला, आणि तोपर्यंत हिंदी व्हर्जन नेटफ्लिक्सवर येऊन गेलं होतं. म्हणजे साताऱ्या-सांगलीत हा सिनेमा लोकांनी मोबाईलवर, जेवताना, थांबवत थांबवत बघितला. असं बघितलं की काय लक्षात राहतं? सुरुवात. आणि सुरुवात कशानं होते तर २५ मार्च १९८९, तामिळनाडू विधानसभा, बजेटचा दिवस, गोंधळ, विरोधी पक्षनेत्या जयललितांची साडी ओढली जाते, आणि त्या म्हणतात मुख्यमंत्री झाल्याशिवाय या सभागृहात परत पाय ठेवणार नाही. तिथनं फ्लॅशबॅक. त्या दिवशी सभागृहात नेमकं काय झालं यावर दोन्ही बाजूंचं म्हणणं आजही वेगवेगळं आहे, पण सिनेमानं एक बाजू घेतली, थेट महाभारत आणलं, आणि तिथंच सगळ्या सिनेमाचं इंजिन ठरलं. अपमान झाला, शपथ घेतली, शेवटी शपथविधी. मधलं सगळं मग त्या अपमानाचं व्याज फेडण्यासाठी.

सीन म्हणून चोख आहे, नाकारत नाही. माझी अडचण वेगळी आहे. २५ मार्चच्या आधीचे पंधरा महिने बघा. २४ डिसेंबर १९८७ ला एमजीआर वारले, तामिळनाडूचे मुख्यमंत्री आणि जयललिता ज्या पक्षात होत्या त्या अण्णाद्रमुकचे संस्थापक. राजाजी हॉलमधे पार्थिव ठेवलं होतं तिथं जयललिता पहिल्या दिवशी तेरा तास आणि दुसऱ्या दिवशी आठ तास उशाशी उभ्या राहिल्या, आणि अंत्ययात्रेच्या गाडीवर चढायला गेल्या तर त्यांना खाली ढकललं. हे सिनेमात येतं, रडायला लावतं. पुढं काय झालं? एमजीआरच्या पत्नी जानकी मुख्यमंत्री झाल्या, सरकार चोवीस दिवसांत गेलं, पक्षाचे दोन तुकडे झाले, निवडणूक आयोगानं दोन पानांचं चिन्ह गोठवलं. जयललितांच्या गटाला कोंबडा मिळाला, जानकींच्या गटाला कबुतरांची जोडी. चिन्ह गोठलं म्हणजे काय होतं, कार्यकर्ता रात्रीत कसा दोन घरांत वाटला जातो, हे आपल्याकडं २०२२ नंतर कुणाला समजवून सांगायला नको, चहाच्या गाड्यावरचा माणूस सांगतो. जानेवारी १९८९ च्या निवडणुकीत कोंबड्यानं २७ जागा काढल्या, विरोधी द्रमुकचं सरकार आलं, पण दुसऱ्या गटाचं पार पानिपत झालं आणि वारस कोण हा प्रश्न मतपेटीनंच मिटवला. जानकी बाजूला झाल्या, गट एक झाले, दोन पानं परत मिळाली, आणि मार्चमधे मरुंगापुरी आणि मदुराई ईस्टच्या पोटनिवडणुका त्या चिन्हावर जिंकल्यासुद्धा.

तारखा लक्षात घ्या. पोटनिवडणुका आधी, साडीचा प्रसंग नंतर. सत्तेकडं जायचा रस्ता अपमानाच्या आधीच तयार झाला होता. सभागृहात ज्या बाईवर लोक धावून गेले ती दुबळी म्हणून नाही गेले, ती आता येणार हे दिसायला लागलं होतं म्हणून गेले, निदान मी तरी तसंच वाचतो. ह्या क्रमानं सिनेमा लिहिला असता तर तोच सीन दुप्पट भारी झाला असता, कारण प्रेक्षकाला माहीत असतं की ही बाई काय करून इथं बसलीय. पण मग कोंबडा आणि कबुतरं समजवायला वीस मिनिटं लागली असती, आणि निर्मात्याला वाटतं की वीस मिनिटं चिन्हावर कोण बघणार. आपल्याकडचे लोक बघतात हो. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत कुणाला कपबशी आणि कुणाला छत्री मिळाली यावर आपल्याकडं आख्खी रात्र जागतात.

सिनेमात एक जागा मात्र आहे जिथं ती काम करताना दिसते. एमजीआरनी १९८२ मधे शाळेतल्या मुलांना जेवण द्यायची मोठी योजना सुरू केली आणि पक्षात आल्यावर जयललितांकडं त्यातली जबाबदारी आली, प्रचार सचिव झाल्या, मग १९८४ ला राज्यसभा. शाळेत जाऊन जेवणाची पाहणी करायचा भाग आहे तो परत बघा. तिथं जयललिता झालेल्या कंगनाला बोलायला कमी आहे आणि करायला जास्त, म्हणून तो चांगला वाटतो. अरविंद स्वामीचा एमजीआर पण याच कारणानं आवडतो लोकांना, तो माणूस खोलीत बसून विचार करताना दिसतो. बाकी ठिकाणी नायिका बोलतेच बोलते आणि समोरचे डोळे खाली घालतात.

अजून एक गोष्ट, ही खास आपल्या जिल्ह्यांतल्या लोकांसाठी. जयललिता अय्यंगार ब्राह्मण घरातल्या, जन्म कर्नाटकात मेलुकोटेचा, इंग्रजी कॉन्व्हेंटचं शिक्षण, आणि पुढारी झाल्या त्या द्रविड चळवळीतनं निघालेल्या पक्षाच्या, ज्या चळवळीचा पायाच ब्राह्मणी वर्चस्वाला विरोध. हे कसं जमवलं असेल? कुणी विरोध केला असेल, कुणी मूग गिळून गप्प बसलं असेल? हिंदी सिनेमात हे सगळं कडेला पडतं कारण दिल्ली-लखनौच्या प्रेक्षकाला साऊथ म्हणजे एकच डबा. पण साताऱ्यात सत्यशोधक जलसे गावोगाव फिरलेत, शंभर वर्षांपूर्वी इथलं राजकारण ब्राह्मणेतर चळवळीनं ढवळून काढलंय, आपल्याला हे एका वाक्यात कळलं असतं. तेव्हा तुमच्या सिनेमात आत्याची जात, भावकी, वाडा कुठल्या आळीत, माहेर कुठलं, हे गाळू नका. लोक म्हणतात जात आणली की सिनेमा वादात जातो. अहो ग्रामपंचायतीच्या सिनेमात जात नाही आणली तर तो सिनेमा कुठल्या गावचा?

इमर्जन्सीबद्दल फार लिहीत नाही. १७ जानेवारी २०२५ ला आला, सेन्सॉरच्या सर्टिफिकेटमधे अडकल्यामुळं आधीची तारीख हुकलेली, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका दोन्ही कंगना. त्याचा मुख्य प्रॉब्लेम हा की इंदिराजींच्या लहानपणापासनं १९८४ पर्यंत सगळं अडीच तासांत कोंबलंय. एवढं घेतलं की प्रत्येक प्रसंगाला पाच मिनिटं आणि प्रत्येक माणूस आल्या आल्या आपलं नाव सांगतो. जानेवारी १९६६ चं उदाहरण घ्या. शास्त्रीजी ताश्कंदमधे वारले, आणि काँग्रेसच्या संसदीय पक्षात इंदिरा गांधी विरुद्ध मोरारजी देसाई असं मतदान झालं, ३५५ विरुद्ध १६९. ह्या दोन आकड्यांत एक आख्खा सिनेमा आहे. कामराज राज्याराज्यातल्या मुख्यमंत्र्यांना कसे वळवत होते, ज्यांनी पाठिंबा दिला त्यांच्यातल्या किती जणांना वाटत होतं की ही पोरगी आपल्या मुठीत राहील. त्यावेळी आपल्या कराडच्या यशवंतरावांचं नावसुद्धा चर्चेत होतं, आणि त्यांनी शेवटी इंदिराजींच्या बाजूनं वजन टाकलं. आमच्या आजोबांच्या पिढीला हा हिशोब तोंडपाठ होता, कुणी कुणाला का मत दिलं ते देवळाच्या पारावर बसून सांगायचे. सिनेमावाल्यांना तो बोअर वाटतो.

आता गर्दीबद्दल, कारण हे मी जवळनं बघितलंय. वाईचा गणपती घाट आणि मेणवली, पडद्यावर कधी बिहार झालाय कधी यूपी. प्रकाश झांचे मृत्युदंड आणि गंगाजल, नंतर स्वदेस, दबंग, सगळं त्या पट्ट्यात झालंय, त्यामुळं वाईतल्या बऱ्याच बायाबापड्यांना जाहीर सभेला बसायचा अनुभव खऱ्यापेक्षा शूटिंगचा जास्त असेल. सभेचा सीन कसा लागतो सांगतो. मोठी सभा म्हणून सांगतात, माणसं असतात त्याच्या पाव. ती कॅमेऱ्यासमोर दाटीनं बसवायची, पुढच्या दोन ओळीत बायका, त्यात चांगल्या रंगाच्या साड्या पुढं, म्हाताऱ्या कडेला, कडेवर मूल असेल तर सोन्याहून पिवळं. मग नायिकेचा शॉट वेगळा, गर्दीचा शॉट वेगळा. गर्दीचा शॉट घेताना स्टेजवर नायिका नसतेच बऱ्याचदा, तिच्या जागी एखादा असिस्टंट हात वर करून उभा, आणि खाली सांगितलेलं असतं की वर बघा, हसा, टाळ्या. मी स्वतः उभा राहिलोय तसा. उन्हात खुळ्यागत हात वर करून. आणि खालच्या बायका माझ्याकडं देवाकडं बघावं तसं बघतायत, कट म्हटलं की लगेच जेवणाचं काय म्हणून विचारतायत.

ते जेवणाचं विचारणं, खरी सभा ती असते. मिरज पूर्व भाग घ्या, जत घ्या, माणदेश घ्या, पुढारी बाई असो की बाप्या, सभा संपायच्या आत कुणीतरी उठून विचारतंच, टँकर कधी येणार, म्हैसाळ योजनेचं पाणी आमच्या तलावात का सोडलं नाही, घरकुलाच्या यादीत नाव का नाही. बायोपिकमधल्या गर्दीला काही म्हणजे काही नको असतं. ती नुसती प्रेम करायला आलेली असते. आणि जिथं लोकांना काही मागायचंच नाही तिथं सत्ता म्हणजे काय हे दाखवणार कसं? तुमच्या ड्राफ्टमधली ग्रामसभा मी वाचली, त्यात पण आत्या बोलते आणि गाव टाळ्या वाजवतं. एक म्हातारी उभी करा जिचं आत्याच्या भाषणाकडं लक्षच नाही, तिला फक्त गटारीचं विचारायचंय आणि ती तीनदा विचारते. बघा सीन कसा जिवंत होतो.

पुढचा मुद्दा, सिनेमा थांबवायचा कुठं. माझ्या मते बायोपिकमधला सगळ्यात मोठा निर्णय हाच, कलाकार कोण यापेक्षा मोठा. थलायवी थांबतो १९९१ ला. मे महिन्यात श्रीपेरुंबुदूरला राजीव गांधींची हत्या, लगेच निवडणूक, अण्णाद्रमुक-काँग्रेस युतीला २३४ पैकी २२५ जागा, २४ जूनला जयललितांचा शपथविधी. द एंड. पुढं १९९५ चं ते मानलेल्या मुलाचं लग्न, १९९६ चा पराभव, बेहिशोबी मालमत्तेची केस, २०१४ ला शिक्षा, २०१५ ला हायकोर्टातनं सुटका, तरी परत परत निवडून येणं, यातलं काही नाही. १९९१ ला थांबलात तर ती सूड पूर्ण झालेली नायिका. १९९६ ला थांबलात तर तीच बाई, तेच सीन, पण सिनेमा दुसराच.

याला आपल्याच मातीतलं उदाहरण देतो, महाराणी ताराबाई. हंबीरराव मोहित्यांची लेक, कराडजवळच्या तळबीडची. मार्च १७०० मधे नवरा छत्रपती राजाराम महाराज सिंहगडावर वारले तेव्हा ताराबाईंचं वय पंचविशीचं. त्याच वेळी औरंगजेब स्वतः साताऱ्याच्या किल्ल्याला वेढा घालून बसलेला, एप्रिलमधे किल्ला पडला, त्यानं त्या किल्ल्याचं, म्हणजे आजच्या अजिंक्यताऱ्याचं, नाव बदलून आझमतारा ठेवलं. अशा वेळी ह्या बाईनं लहान मुलाच्या नावानं कारभार हातात घेतला आणि सात वर्षं त्या बादशहाला दक्षिणेतनं हलू दिलं नाही, १७०७ ला तो नगरजवळ मेला. इथं थांबवा, अंगावर काटा आणणारा सिनेमा. पण त्याच वर्षी शाहू मुघलांकडनं सुटून आले, खेडच्या लढाईत ताराबाईंची बाजू हरली, १७०८ ला साताऱ्यात शाहूंचा राज्याभिषेक, आणि १७१४ ला पन्हाळ्यावर सवत राजसबाईच्या माणसांनी ताराबाईंना मुलासकट कैद केलं. इथं थांबवा, शोकांतिका. अजून पुढं या. शाहूंनी त्यांना साताऱ्यात आणून ठेवलं, १७४९ ला शाहू गेले, ताराबाईंनी आपला नातू म्हणून रामराजाला गादीवर बसवलं, आणि पेशव्यांच्या विरोधात तो आपलं ऐकत नाही म्हटल्यावर १७५० ला त्यालाच साताऱ्याच्या किल्ल्यात कैदेत टाकलं. पंच्याहत्तरीची आजी. नंतर हा आपला नातूच नव्हे म्हणाली. इथं थांबवलंत तर प्रेक्षक घरी जाताना भांडत जातील, बाई ग्रेट का भयंकर. १७६१ च्या डिसेंबरमधे साताऱ्यात वारल्या, संगम माहुलीला समाधी आहे. एक आयुष्य, तीन जागी थांबता येतं. मला विचाराल तर मी तिसरा सिनेमा लिहीन, आणि त्याला पैसे कुणी देणार नाही हे पण मला माहिताय. आपल्याला तलवारवाली पंचवीस वर्षांची चालते. म्हातारी, हेकट, राजकारण कोळून प्यालेली बाई पडद्यावर झेपत नाही.

जुन्या हिंदीत हे काहींनी केलंय. विनय शुक्लांचा गॉडमदर, १९९९ चा, शबाना आझमी, पोरबंदर भागातल्या संतोकबेन जडेजांच्या आयुष्यावर बेतलेला. त्यात सत्ता हातात आल्यावर बाई कशी बदलत जाते ते दाखवलंय, ती चढते तशी आपल्याला आवडेनाशी पण होते, आणि म्हणूनच खरी वाटते. नक्की बघा. बॅन्डिट क्वीनचा किस्सा निराळा, १९९४ ला सिनेमा आला तो १९८३ च्या शरणागतीवर संपतो, आणि फूलनदेवी मिर्झापूरमधनं खासदार झाल्या १९९६ ला. म्हणजे सत्तेत जायचा भाग सिनेमा संपल्यावर सुरू झाला. शिवाय त्या हयात होत्या आणि सिनेमाच्या विरोधात स्वतः कोर्टात गेल्या, हे तुम्ही विशेष ध्यानात ठेवा, खाली त्यावर येतो. गंगूबाई दिसायला देखणा, आलियानं काम चोख केलंय, पण तिथंपण भाषण झालं की प्रश्न सुटतो.

आता तुमच्या आत्याकडं. ड्राफ्टची सुरुवात तुम्ही केलीय ग्रामसभेत आत्याला खुर्चीवरनं उठवतात तिथनं, आणि शेवट त्याच खुर्चीवर ती बसते. थलायवीचाच सांगाडा झाला की हो हा. अपमान खरा असेल, ठेवा, पण मधे कुठंतरी ठेवा.

तुमचा खरा सिनेमा अविश्वास ठरावात आहे आणि तो तुम्ही दीड पानात उरकलाय. गणित मांडून बघा. अकरा सदस्य, आत्या धरून. महिला राखीव सरपंचपदावर बाई असेल तर ठराव पास व्हायला तीन चतुर्थांश मतं लागायची, अकरात ती नऊ होतात. तुम्हीच लिहिलंय की आत्याच्या विरोधात आठ पडली. म्हणजे आत्याला बहुमत नको होतं, गाव तिच्या बाजूनं असायची पण गरज नव्हती. तिला तीन माणसं राखायची होती आणि त्यातली एक ती स्वतः. उरली दोन. ती दोन कोण? त्यातला एक तर ठरावाच्या नोटीसवर सही केलेला होता असं तुम्ही म्हणता. सदस्य सहलीला नेले होते ना? आपल्याकडं नेतातच, महाबळेश्वर म्हणा गोवा म्हणा, मोबाईल काढून घेतात, मतदानादिवशी थेट गाडीतनं दारात उतरवतात. मग त्या सहलीवर असलेल्या माणसापर्यंत आत्या पोचली कशी? त्याच्या बायकोमार्फत? बचत गटातनं? का त्याला आधीच पाठवलेलं होतं सही करायला? हे आत्याला विचारा. ती पटकन सांगणार नाही, हसून विषय बदलेल. तिथंच तुमची गोष्ट आहे. अगदीच नाही सांगितलं तर सिनेमात पण नका सांगू, फक्त मतदानाच्या वेळी तो माणूस हात वर करत नाही आणि आत्या त्याच्याकडं बघतसुद्धा नाही, एवढं दाखवा.

आणि खुर्चीचं सोडा. खुर्ची सगळ्यांनी वापरून झिजवलीय. ग्रामपंचायतीत सत्ता कुणाकडं आहे हे ओळखायची जागा दुसरी. तुमच्या आत्याच्या काळात चेकबुक, कारण ग्रामनिधीतनं पैसे काढायचे तर सरपंच आणि ग्रामसेवक दोघांच्या सह्या लागायच्या, आणि कितीतरी गावांत चेकवर बाईंची सही घ्यायला चेकबुक घरी जायचं, चुलीपुढं, पिठाचे हात पुसून सही, रक्कम कोरी. आताच्या काळातलं दाखवायचं तर डोंगल. वित्त आयोगाचे पैसे ऑनलाईन निघतात, सरपंचाची डिजिटल सही एका पेन ड्राईव्हएवढ्या डोंगलमधे असते, आणि ते डोंगल बाईंच्या पर्समधे आहे, नवऱ्याच्या खिशात आहे का ऑपरेटरच्या ड्रॉवरमधे आहे यावरनं गावाचा कारभारी कोण ते कळतं. तुम्ही लिहिलंय की आत्यानं दुसऱ्या वर्षी एकदा चेक परत पाठवला, रक्कम भरून आणा म्हणून. अहो ही तर तिची सत्ता सुरू झाल्याची तारीख! आणि ती तुम्ही मामीच्या तोंडी एका वाक्यात घातलीय. तो सीन पूर्ण लिहा. चेक घेऊन आलेला शिपाई कोण होता, तो दारात किती वेळ उभा राहिला, काका घरात होते का, त्या रात्री जेवायला काय वातावरण होतं. भाषण एकही नको.

काकांना सरळ व्हिलन करू नका. सरपंचपती म्हटलं की सगळे मिशीवाला गुंड लिहितात. बहुतेक ठिकाणी तो साधा माणूस असतो, त्याला खरंच वाटतं की तो बायकोला मदत करतोय, मोटरसायकलवरनं पंचायत समितीला घेऊन जातो, आतमधे तोच बोलतो, बाहेर आल्यावर तिला उसाचा रस पाजतो. अशा माणसाच्या हातनं कारभार सोडवून घेणं जास्त अवघड, आणि नटीला करायला पण जास्त आहे.

शेवटी कायद्याचं, कारण सगळे हे विसरतात आणि मग सिनेमा डब्यात राहतो. जयललिता हयात नव्हत्या. त्यांच्या भाचीनं थलायवीविरुद्ध मद्रास हायकोर्टात दाद मागितली, कोर्टानं सिनेमा थांबवला नाही, खासगीपणा आणि प्रतिष्ठेचा हक्क माणसाबरोबर संपतो, वारसाला मिळत नाही अशा अर्थाचं म्हटलं. तरी सिनेमावाल्यांनी काळजी घेऊन एमजीआरचं एमजेआर केलं, करुणानिधींचं करुणा केलं. तुमची आत्या हयात आहे, ते आठ सदस्य हयात आहेत, त्यातले चार अजून राजकारणात. आत्याकडनं लेखी संमती घ्या, नातं आहे म्हणून राहू देऊ नका, उद्या काका नाही म्हणाले तर? गावाचं नाव, सदस्यांची नावं, धंदे, आळी सगळं बदला. १९९४ च्या सुप्रीम कोर्टाच्या ऑटो शंकर निकालाप्रमाणं सरकारी दप्तरात जे नोंदलंय त्यावर लिहायला परवानगी लागत नाही, पण सहलीला कुणी कुणाला किती दिले हे दप्तरात नसतं, ते नावानिशी लिहिलंत तर नोटीस घरी येईल.

म्हणून आधी दप्तर गोळा करा. अविश्वासाच्या ठरावाची ती विशेष सभा तहसीलदार बोलवतात, तिचं इतिवृत्त तहसील ऑफिसला असणार, दहा रुपयांचं तिकीट लावून माहिती अधिकारात मागा. ग्रामपंचायतीकडनं आत्याच्या कारकिर्दीतल्या मासिक सभांच्या प्रोसिडिंगच्या नकला घ्या. त्यात आत्याच्या सह्या बघा, पहिल्या महिन्यातली आणि शेवटच्या महिन्यातली, आणि कुठल्या सभेपासनं सूचक-अनुमोदकांची नावं बदलायला लागली ते शोधा. ते सापडलं की दुसरा ड्राफ्ट तिथनं सुरू करा आणि मतदानाच्या सीनपर्यंतची पानं मला पाठवा.